मधकाकांचे कान

मधकाकांचे कान गेले होते ही गोष्ट मधकाका सोडून सगळ्यांना ठाऊक होती. शेजाऱ्यांना ठाऊक होती, दूधवाल्याला ठाऊक होती, रस्त्यापलीकडच्या कुत्र्यालासुद्धा ठाऊक असावी, कारण त्याने मधकाकांवर भुंकणं केव्हाच सोडून दिलं होतं. मधकाकांचं मत मात्र वेगळं होतं. त्यांच्या मते अलीकडे लोकच पुटपुटायला लागले होते. "बोलायची रीतच राहिली नाही," ते म्हणायचे. "तोंडातल्या तोंडात काहीतरी चघळतात आणि वर आपल्यालाच विचारतात, ऐकलं नाहीत का!"

आणि त्यांच्याकडे पुरावा होता. पुरावा म्हणजे माशा. घरामागच्या उतारावर त्यांच्या चाळीसेक मधपेट्या होत्या. रोज सकाळी ते प्रत्येक पेटीला कान लावायचे आणि आतली घुमघुम त्यांना अगदी स्वच्छ ऐकू यायची. कुठली पेटी खुशीत आहे, कुठली भुकेली आहे, कुठलीचं बिनसलंय, ते त्या घुमण्यावरून सांगायचे. "बहिऱ्या माणसाला माशी ऐकू येते का?" असं ते विचारायचे. कोणी उत्तर दिलं तरी ते त्यांना ऐकू येत नसल्यामुळे वाद तिथेच मिटायचा.

घरात माणसं दोनच. बायको जाऊन बरीच वर्षं झाली होती. मुलगा लांब पल्ल्याचा ट्रक चालवायचा, त्यामुळे तो घरी यायचा तो झोपायला. राहता राहिली सून. तीन वर्षांपूर्वी लग्न होऊन आली तेव्हा ती मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात काम करत होती. बोटं नाजूक, नजर तीक्ष्ण आणि आवाज इतका हळू की तिला घरात बोलण्यासाठी आधी छाती भरून श्वास घ्यावा लागायचा. "बाबा, चहा!" "बाबा, दार!" "बाबा, औषध!" इतकंच. एवढ्या जोरात ओरडून माणूस मनातलं काही बोलू शकत नाही, वस्तूंची नावं तेवढी घेऊ शकतो. तीन वर्षं त्या घरात वस्तूंचीच नावं घेतली जात होती.

पेट्यांपाशी तर तेही नव्हतं. तिथे मधकाकांचा नियम कडक होता: पेट्यांपाशी ओरडायचं नाही. माशांना आवाज चालतो की नाही हा प्रश्न वेगळा, पण मधकाकांना चालत नसे. सून रोज सकाळी त्यांच्यामागून यायची, तोंडावर जाळी बांधायची, धुराचा भाता हातात घ्यायची आणि त्यांच्या पाठीमागे उभी राहायची. ते पेटी उघडायचे, ती धूर द्यायची. संपलं की दोघं परत.

याचीच मधकाकांना खंत होती. ते स्वतः हे काम शिकले तेव्हा प्रश्न विचारून विचारून त्यांनी आपल्या गुरूचं डोकं उठवलं होतं. आणि ही पोर? तीन वर्षांत एक प्रश्न नाही! राणीमाशी कुठे राहते, का राहते, किती जगते, काही नाही. ज्याला प्रश्न पडत नाहीत त्याला माशांची माया नाही, असं त्यांचं ठाम मत होतं. माया नसलेल्या माणसाच्या हाती पेट्या द्यायच्या कशा? आणि आपण काही अमरपट्टा घेऊन आलेलो नाही.

खालच्या अंगाला एका बागवाल्याची सफरचंदाची मोठी बाग होती. दर फुलोऱ्याला मधकाकांच्या पेट्या तिथे जायच्या, माशा फुलांवर फिरायच्या, झाडांना फळ धरायचं. बागवाला बरेच दिवस मागे लागला होता, "काका, पेट्या मलाच कायमच्या देऊन टाका. माझ्याकडे माणसं आहेत, नीट सांभाळतील." मधकाका इतके दिवस टाळत होते. या वर्षी म्हणाले, "फुलोरा येऊ दे, सांगतो." मनात त्यांनी होकार ठरवून टाकला होता. त्या दिवशी त्यांना जेवण गेलं नाही.

त्यांच्या निश्चयावर शिक्का बसला तो सुनेच्या डब्यांमुळे. काडेपेटीएवढ्या त्या डब्या तिने कुठूनशा मागवल्या आणि प्रत्येक पेटीच्या मागच्या फटीत एकेक सरकवून दिली. पेटीत ऊब किती, ओल किती, माशांचा आवाज कसा आहे, सगळं म्हणे तिच्या मोबाईलवर दिसायचं. तासातासाला थोडा थोडा आवाज साठवूनही ठेवायच्या त्या. मधकाकांनी हे ऐकलं (म्हणजे तिने छाती भरून तीनदा सांगितलं) आणि त्यांच्या अंगाचा तिळपापड झाला. कान लावायला माणूस जिवंत असताना डबी कशाला? बरं, माणसाला विचारायचं सोडून डबीला विचारणारी ही कसली सून! ते काही बोलले नाहीत, कारण बोलले असते तर तिने उत्तर दिलं असतं.

मग किटलीचा प्रसंग घडला. शिट्टी वाजवणारी किटली मधकाकांनी चुलीवर ठेवली आणि शेजारीच बसून वर्तमानपत्र वाचू लागले. किटली शिट्टी मारमारून थकली, पाणी आटलं, बूड जळलं, खोलीत धूर भरला. सून अंगणातून धावत आली तेव्हा मधकाका पान उलटत म्हणाले, "धुराचा भाता घरात कशाला पेटवलास?"

दुसऱ्या दिवशी सुनेने काही ऐकून घेतलं नाही. ऐकून न घेण्याची या घरात तिची पहिलीच वेळ होती. तिने त्यांना सरळ कानाच्या दवाखान्यात नेलं.

तिथली डॉक्टरीणबाई तरुण होती, गालाला खळी पडणारी होती आणि मुख्य म्हणजे पुटपुटत नव्हती. तिने मधकाकांना एका बंद काचेच्या खोलीत बसवलं आणि कानात नाना तऱ्हेचे आवाज सोडले. तपासून झाल्यावर ती म्हणाली, "काका, तुमचे जाड, घुमणारे आवाज शाबूत आहेत. बारीक आवाज मात्र गेलेत. शिट्टी, पक्षी, बायकांची बोलणी."

"बायकांची बोलणी गेली तर तपासणी कशाला करायची?" मधकाका म्हणाले. बाई हसली, सून हसली नाही.

बाईने दोन्ही कानांमागे एकेक छोटं मशीन बसवलं आणि त्याचं रबरी बोंड कानात घट्ट सरकवलं. दिसायला चवळीच्या शेंगेच्या तुकड्याएवढं. मग ती कॉम्प्युटरवर काहीतरी टकटक करत बसली. मधकाकांना आधी तिच्या बोटांचा आवाज आला. मग खुर्चीचा. मग स्वतःच्या सदऱ्याचा! सदरा आवाज करतो हे ते विसरूनच गेले होते. आणि मग शेजारून कोणीतरी अगदी हळू, मऊ आवाजात म्हणालं, "बाबा, दुखत तर नाही ना?"

मधकाकांनी दचकून मान वळवली. सून होती. तीन वर्षं ज्या बाईचं फक्त ओरडणं ऐकलं तिचा खरा आवाज हा असा होता.  "नाही दुखत," ते म्हणाले, आणि मग उगीचच, "गार आहे थोडं."

ती संध्याकाळ त्या घरात सणासारखी गेली. सुनेने पूर्ण वाक्यं बोलून घेतली. चहात साखर बरोबर झाली आहे का, ट्रकवरून यांचा फोन आला होता, पुढच्या आठवड्यात येतो म्हणाले, यांचं नेहमीचंच. मधकाका मान डोलवत होते. घराला किती आवाज असतात! नळ टपकत होता, जिना करकरत होता, उंदीरही निघाला एक. झोपताना मशीनं काढून डबीत ठेवताना त्यांना वाटलं, उगीच इतकी वर्षं हट्ट केला.

सकाळी मशीनं घालून ते एकटेच, जरा लवकरच, उतारावर गेले. पहिल्या पेटीला कान लावला.

काही नाही.

त्यांनी कान दाबला. लाकूड गार होतं. आत काही नाही. दुसऱ्या पेटीला लावला, तिसऱ्या पेटीला लावला. गवत सळसळत होतं, लांबवर कोणीतरी दार आपटलं, पक्षी तर इतके ओरडत होते की त्यांना हुसकून द्यावंसं वाटलं. पण पेट्या मुक्या. दारांतून थोड्याफार माशा ये-जा करताना दिसत होत्या, चित्रातल्यासारख्या, आवाजाशिवाय. शेवटच्या पेटीपर्यंत तेच. हे असं कधी झालं नव्हतं. आख्खा उतार एका रात्रीत गप्प झाला होता.

आणि मग त्यांची नजर फटीतल्या डबीवर गेली.

हिने केलं हे! डोक्यात घण बसावा तसं त्यांना वाटलं. कसल्या लहरी सोडत असतील या डब्या, माशा घुमायच्या थांबल्या. यात एक गोष्ट त्यांच्या ध्यानातच आली नाही, की डब्या येऊन दोन आठवडे झाले होते आणि नवीन होतं ते फक्त त्यांच्या कानात होतं. पण स्वतःच्या कानात काय आहे हे माणसाला दिसत नाही, त्याला दुसऱ्याची डबीच दिसते.

दुपारी सून बाजारात गेली. मधकाकांनी चोरासारखं इकडेतिकडे पाहिलं आणि एकेक डबी उपसून काढली. सगळ्या एका गोणपाटात भरल्या आणि अवजारांच्या खोलीत फावड्यामागे लपवल्या. मग हात धुऊन साळसूदपणे ओट्यावर येऊन बसले.

सून परत आली तीच धावत. भाजीची पिशवी एका हातात, मोबाईल दुसऱ्या हातात, चेहरा पांढराफटक. "बाबा! पेट्या... सगळ्या पेट्या थंड दाखवताहेत. आवाज शून्य. एकही पेटी घुमत नाहीये!"

आता मधकाकांना नीट ठाऊक होतं, की डब्यांना फावडं घुमताना ऐकू येणार नाही. पण त्याच वेळी पेट्या मुक्या आहेत हेही ते स्वतः ऐकून, म्हणजे न ऐकून, आले होते. खोटं यंत्र खरं बोलतंय म्हटल्यावर ते बिचाऱ्याला खोडून कशाला काढतील? "मला सकाळीच कळलं," ते गंभीरपणे म्हणाले. तीन वर्षांत सासऱ्या-सुनेचं पहिल्यांदाच एकमत झालं होतं, आणि ते असं.

"सकाळी कळलं आणि तुम्ही बसून राहिलात?" ती पिशवी टाकून उताराकडे पळाली. मधकाका मागून निघाले. धुराचा भाता नाही, जाळी नाही, काही नाही. तिने पहिल्या पेटीवरचं झाकण खसकन उचललं.

झाकण असं उचलायचं नसतं. माशा मेल्या असत्या तर चाललं असतं, पण त्या मेल्या नव्हत्या. त्या भरल्या घरात होत्या, भर दुपारच्या कामात होत्या, आणि कोणीतरी त्यांचं छप्पर उडवलं होतं. आतून काळा लोट उठला. सुनेने किंचाळून झाकण टाकलं आणि ती खाली बसली. मधकाकांनी हात हलवले, जे त्यांनी जन्मभर दुसऱ्यांना करू नका म्हणून सांगितलं होतं. एक माशी आली आणि तिने त्यांच्या उजव्या कानाच्या अगदी वरच्या कडेला, मनापासून डंख मारला.

कान बघता बघता टोमॅटो झाला. त्यांनी कळवळून मशीन उपटून काढलं. आणि उजव्या कानात घुमघुम भरली.

मधकाका होते तिथे थिजले. उजव्या कानात आख्खा उतार घुमत होता, नेहमीसारखा, भरलेला, खुशीतला. डाव्या कानात शांतता होती. त्यांनी मान इकडे वळवली, तिकडे वळवली. मग सावकाश डावं मशीनही काढलं. घुमघुम दोन्ही बाजूंनी आत आली. माशा कुठे गेल्याच नव्हत्या. त्यांना इतका आनंद झाला की सुजलेला कान विसरून ते सुनेला सांगायला वळले.

ती गवतात बसून काहीतरी बोलत होती. तिचे ओठ हलत होते. त्यांना एक अक्षर ऐकू येत नव्हतं.

हे त्यांना सहन झालं नाही. कालची संध्याकाळ आठवली. माशा परत मिळाल्या तर माणूस गेलं, माणूस ठेवावं तर माशा जातात. हा कसला सौदा! त्यांनी एक मशीन परत कानात घातलं, फक्त तिचं ऐकण्यासाठी.

"...जिवंत आहेत की हो सगळ्या," ती म्हणत होती, अर्धी रडत, अर्धी हसत. "मग फोनवर असं का? डब्या कुठे गेल्या, बाबा?"

"डब्या मी काढल्या."

"का?"

मधकाकांच्या नाकावरचा राग कधीही हाताशी असे. चूक स्वतःची असली की तो जास्तच पटकन हाताशी येई. "का म्हणजे? माशा डबीला विचारायच्या असतात का? तुला कधी माणसाला काही विचारावंसं वाटलं? म्हणूनच तर पेट्या बागवाल्याला देणार आहे मी, फुलोरा संपला की. तो निदान सांभाळेल तरी!"

बोलून गेल्यावर त्यांनी जीभ चावली. सून उठली. कपड्यावरचं गवत झटकलं. "द्यायच्याच होत्या तर मला इतके दिवस मागे कशाला उभं केलं?" इतकंच म्हणाली आणि घराकडे चालू लागली. हे मशीन फारच चांगलं चालत होतं. तिचा हुंदका त्यांना उतारभर ऐकू येत राहिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मात्र तीच त्यांना दवाखान्यात घेऊन गेली. कान सुजून एवढा झाला होता आणि राग असला तरी सून होती. 

डॉक्टरीणबाईने आधी कान पाहिला, मग हकीकत ऐकली, मग तोंडावर हात ठेवून पाठमोरी झाली. तिचे खांदे हलत होते. परत वळली तेव्हा डोळे पुसत म्हणाली, "काका, माफ करा. चूक तुमची नाही आणि माशांचीही नाही. माझी आहे. या मशीनला मी सांगून ठेवलंय, की जो आवाज एकसारखा चालू राहतो, चढत नाही, उतरत नाही, तो कामाचा नाही. पंखा, मोटार, फ्रिज. तो दाबून टाक, म्हणजे माणसांचं बोलणं नीट ऐकू येईल. त्याने तुमच्या माशांना पंखा समजून गप्प केलं. आणि वर रबरी बोंड इतकं घट्ट, की बाहेरून काही शिरायलाही वाट नाही. तुम्ही काय काम करता हे मी विचारायलाच हवं होतं."

"म्हणजे माशांचं ऐकायचं तर मशीन काढायचं, आणि..." मधकाका सुनेकडे न बघता म्हणाले, "माणसांचं ऐकायचं तर घालायचं?"

"छे. दोन्ही जमवू. एक बटण दाबलं की घर, परत दाबलं की पेट्या. पण मला तो आवाज हवा, त्याच्यावर मशीन बसवावं लागेल. आता माशा दवाखान्यात कशा आणायच्या?"

 मग सुनेने पर्समधून मोबाईल काढला आणि टेबलावर ठेवला. "माझ्याकडे आहे. दोन आठवड्यांचा. सगळ्या पेट्यांचा." मग जरा थांबून, "काल दुपारपर्यंतचा."

मधकाका खुर्चीत आणखी थोडे खाली सरकले.

मग त्या काचेच्या खोलीत घुमघुम सुरू झाली. बाई मोबाईल मोठ्या स्पीकरला जोडून एकेक पेटी वाजवत होती, कॉम्प्युटरवर रेघा वरखाली करत होती आणि विचारत होती, "आता? आता कशी?" मधकाका डोळे मिटून सांगत होते. "पातळ झाली... आता फार जाड, भुंग्यांची वाटते... थांबा. थांबा. ही. ही माझी." बोंडही तिने बदलून सैल, भोकांचं दिलं. सून काचेबाहेर उभी राहून पाहत होती. डबीने साठवलेलं म्हातारा ओळखत होता आणि म्हाताऱ्याने ओळखलेलं मशीन शिकत होतं. मधकाकांना त्या घटकेला डब्यांबद्दल जो राग होता तो शोधूनही सापडेना. घरी येताच त्यांनी गोणपाट आणलं आणि एकही शब्द न बोलता प्रत्येक डबी जागच्या जागी बसवली. दोन उलट्या बसल्या, त्या सुनेने सरळ केल्या, तीही गप्पच.

चार दिवसांनी कान उतरला. बागेत कळ्या फुगल्या होत्या, बागवाल्याचा निरोप आला होता, की संध्याकाळी येतो, काय ते सांगा. मधकाकांनी सकाळी दोन्ही मशीनं घातली, पेट्यांचं बटण दाबलं आणि उतारावर निघाले. सून नेहमीसारखी मागे. रुसवा होता, पण काम होतं.

पहिल्या पेटीशी वाकले आणि घुमघुम आली. खरी, ओली, जिवंत. मधकाकांचा जीव भांड्यात पडला. ते पेटीमागून पेटी ऐकत चालले. आणि मग त्यांच्या लक्षात आलं की घुमण्यामागे आणखी एक आवाज आहे. बारीक, मऊ, जाळीआडून येणारा.

सून बोलत होती.

त्यांच्याशी नाही. मोबाईलकडे बघत, स्वतःशीच, अगदी हळू. "ही सातवी... हिची रेघ कालपासून अशी हेलकावे का खातेय? बाकीच्या तर सरळ आहेत. आजारी असेल का? का भूक? कोण सांगणार!"

मधकाकांनी सातव्या पेटीला कान लावला. घुमणं वर जात होतं, खाली येत होतं, विव्हळल्यासारखं.

"राणी हरवलीय त्यांची," ते म्हणाले. "राणी नसली की अशा घुमतात. तुझ्या रेघेने बरोबर पकडलंय. माझ्या ध्यानात उद्या आलं असतं."

 भात्यातला धूर तेवढा वर जात होता. "तुम्हाला... ऐकू आलं?" ती म्हणाली.

"आलं की. पण हे असं तू आधी कधी विचारलं असतंस तर..."

"रोज विचारते मी!" ती जाळीआडून म्हणाली. "पहिल्या दिवसापासून विचारतेय. तुम्हीच म्हणालात, पेट्यांपाशी ओरडायचं नाही. म्हणून हळू विचारायचे. तुम्ही मागे वळूनसुद्धा बघायचा नाहीत. मला वाटलं, तुम्हाला मला शिकवायचंच नाही. मग म्हटलं, जाऊ दे, निदान डबी तरी उत्तर देईल."

मधकाका मटकन शेजारच्या रिकाम्या पेटीवर बसले. तीन वर्षं. रोज सकाळी, त्यांच्या पाठीमागे, हातभर अंतरावर, ही पोर प्रश्न विचारत होती आणि ते मनात म्हणत होते, हिला प्रश्नच पडत नाहीत. इतकं वाईट त्यांना बायको गेल्यानंतर वाटलं नव्हतं. आणि त्याच्या खालून, लाज वाटावी इतका, आनंद वर येत होता.

संध्याकाळी येतो म्हणालेला बागवाला नेमका तेव्हाच उगवला. माशांना तो भीत असे, त्यामुळे लांब कुंपणाशीच थांबला आणि हात तोंडाशी धरून ओरडला, "काका! पेट्यांचं काय ठरलं?"

सून मोबाईलकडे बघत उभी राहिली. मधकाका उठले आणि ओठांवर बोट ठेवून म्हणाले, "हळू! पेट्यांपाशी ओरडायचं नाही."

बागवाला ओशाळला. हळू आवाजात म्हणाला, "पेट्या कधी नेऊ, असं विचारतोय."

मधकाकांना शब्दन् शब्द ऐकू आला. त्यांनी कानामागे हात धरला. "काय म्हणता?"

"पेट्या!"

"हळू!"

"...पेट्या," बागवाला जवळजवळ पुटपुटला.

"ऐकू येत नाही हो," मधकाका दुःखाने मान हलवत म्हणाले. "कान गेलेत माझे. फुलोऱ्यापुरत्या पाठवतो, दरवर्षीसारख्या. फुलोरा झाला की घरी. यापुढे काय असेल ते सूनबाईला विचारत जा, तिला चांगलं ऐकू येतं."

बागवाल्याने एकदा त्यांच्याकडे, एकदा सुनेकडे पाहिलं. तो काही दुष्ट माणूस नव्हता. हसला, हात हलवला आणि आपल्या झाडांकडे निघून गेला.

सून जाळीआतून डोळे पुसायचा प्रयत्न करत होती, ते जमत नव्हतं.

"आता पहिल्यापासून सांग," मधकाका म्हणाले. "पहिल्या दिवशी काय विचारलं होतंस?"

तिने जाळी थोडी सावरली. मग नेहमीच्या हळू आवाजात म्हणाली, "विचारलं होतं, बाबा, मला शिकवाल का?"

घुमघुम चालू होती. तिच्यातून तो प्रश्न त्यांच्यापर्यंत अगदी सरळ आला.

"हो," मधकाका म्हणाले. "हो गं बाई."

त्यांनी धुराचा भाता तिच्या हातातून काढून घेतला आणि सातव्या पेटीच्या मागे, जिथे तीन वर्षं ती उभी राहत आली होती, तिथे जाऊन उभे राहिले. "झाकण सावकाश उचल," ते म्हणाले. "मी धूर धरतो."